सात रेघांचा शिंपला

या उन्हाळ्यात लेकीकडे सिॲटलला होते तेव्हा एका नव्या जिवाची ओळख झाली. नटॉलचा कॉकल. तिसऱ्यांची सवय असलेल्या आपल्या डोळ्यांना तो राक्षसच वाटतो. पूर्ण वाढला तर १४ सेंटीमीटरपर्यंत जातो! बंद शिंपला बाजूने पाहिला तर थेट पत्त्यातला बदाम. थॉमस नटॉल हा वनस्पतींचा अभ्यासक १८३४ साली त्या किनाऱ्यावर पोचला होता, त्याचं नाव याला मिळालं.

हा ओल्या वाळूत राहतो, पण फार खोल नाही. पाणी आत-बाहेर करायच्या त्याच्या नळ्या आखूड, त्यामुळे वरच्या दोन-तीन इंचांतच मुक्काम. दाताळं ओढलं की हाती लागतो. मग इतक्या उघड्यावर राहणारा वाचतो कसा? तर उडी मारून! वीसच्या वर हातांचा, मीटरभर रुंद सूर्यफूल तारामासा अंगाला लागला, की हा लांबलचक पाय बाहेर काढतो आणि त्याच्या झटक्याने उसळतो. शिंपल्याने उडी मारावी हे मला तरी नवलच वाटलं.

२०१३ पासून साथीत ते तारामासे अब्जावधींनी मेले. साथीमागचा जीवाणू सापडायला २०२५ उजाडलं. पण शत्रू गेला म्हणून कॉकल सुखात आहे म्हणावं, तर तसंही नाही. पिढ्यान्पिढ्या ते खात आलेल्या सुक्वामिश जमातीला पूर्वीइतके मिळेनात, म्हणून त्यांनी पैदास केंद्रात पिल्लं वाढवायला घेतली.

असो. तिथे कॉकल काढायला परवाना लागतो, प्रत्येकाची बादली वेगळी, आणि ठरलेल्या मापाहून लहान घ्यायचा नाही. नियम चांगलाच आहे. आमच्या नातवाने मात्र दुसरंच माप लावलं. हिवाळ्यात वाढ मंदावते तेव्हा शिंपल्यावर गडद रेघ उमटते, त्यावरून ढोबळ वय कळतं, हे मीच त्याला सांगितलं होतं. त्याने बोट ठेवून मोजलं. सात.

"आजी, हा माझ्याएवढा आहे."

जावई म्हणाले, "अरे, मापात बसतोय की!" मी मध्ये पडले नाही. पोराने तो ओल्या वाळूत ठेवला आणि पुरता आत जाईपर्यंत तिथून हलला नाही.

बाकीच्यांचं रात्री नारळ घालून कालवण केलं. चव गोडसर, मांस जरा चिवट. नातवाने दही-भात खाल्ला.