नारळ फुटण्याआधीचं काम

सिनेमा संपला की पडद्यावर भराभर नावं सरकतात आणि आपण खुर्ची सोडून उठतो. त्या नावांत कुठंतरी तळाशी 'लोकेशन मॅनेजर' असतो. शूटिंगची जागा शोधायची, परवानगी मिळवायची आणि काम झालं की ती होती तशी परत करायची, हे त्याचं काम. पिंपरी-चिंचवड, चाकण भागात मी तेच करतो.

तुम्ही म्हणाल, कारखान्यांच्या गावात कसला आलाय सिनेमा? पण गंमत ऐका. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' करायला घेतला, तेव्हा सिनेमात काम करणं कमीपणाचं मानत. म्हणून ते आपल्या माणसांना सांगत, कुणी विचारलं तर हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत आहोत म्हणा! ही मंडळी वांगणीला शूटिंगला गेली, तर त्यांच्या तलवारी बघून गावकऱ्यांना ते दरोडेखोरच वाटले, असं सांगतात. एवढ्या सगळ्यांचा स्वयंपाक सरस्वतीबाई फाळके करत, शिवाय फिल्मच्या कामातही हात लावत. ३ मे १९१३ ला सिनेमा मुंबईत लागला.

वांगणीसारखा घोटाळा होऊ नये, यासाठीच मी असतो. जागा बघायला गेलो की आधी डोळे मिटून ऐकतो. शेजारच्या शेडमध्ये प्रेस धाडधाड चालू असेल, तर संवाद टिपणार कसे? आमच्याकडं पुष्कळ कारखान्यांना गुरुवारी सुट्टी, म्हणून बोलण्याचे प्रसंग शक्यतो गुरुवारी. मग ऊन कुठून येतं, जनरेटरची गाडी कुठं लावायची, शंभर माणसं जेवणार कुठं, हे बघायचं. शिफ्ट सुटताना आपल्यामुळं रस्ता अडता कामा नये, हेही.

एकदा चाकणजवळच्या एका आजोबांनी शेताचा बांध वापरायला दिला. अट एकच, "कांद्यात पाय पडाय नको." शूटिंगच्या दिवशी दिग्दर्शकांना कॅमेरा नेमका वाफ्यातच हवा झाला! ऊन उतरत चाललेलं, आणि दिवस वाया गेला तर मोठा खर्च.

"भरपाई देऊन टाक ना," ते म्हणाले.

मी म्हटलं, "साहेब, आजोबांनी बांध दिलाय, कांदा नाही."

सगळे गप्प. काम हातचं जातंय, असंच मला वाटलं. शेवटी बांधाच्या टोकाला ट्रॅक्टरची ट्रॉली लावली, कॅमेरा तिच्यावर चढवला आणि उजेड जायच्या आत प्रसंग टिपला. संध्याकाळी आजोबा सगळ्या वाफ्यांतून फिरून आले. म्हणाले, "पुढल्या साली या. हिरीकडची बाजूबी ब्येस हाय."

पैसे देऊन जागा एकदा मिळते, दोस्तांनो. दुसऱ्यांदा मिळते ती शब्दावर.

हे काम शिकायला कॅमेरा लागत नाही बरं का! एक वही घ्या. आपल्या गल्लीत सकाळचं ऊन कुठं पडतं, भोंगा किती वाजता होतो, देवळाची किल्ली कुणाकडं असते, लिहून काढा बघू.