लाल मातीतलं कू ची

मुलांनो, शाळेच्या वेळापत्रकात भूगोलाचा तास वेगळा आणि इतिहासाचा तास वेगळा. पण गावाच्या पायाखालची माती काही वेळापत्रक पाळत नाही! माती कशी आहे, नदी कुठून जाते, रस्ता कुठे निघतो, यावरून कधी कधी गावाचा सगळा इतिहास ठरतो. अशाच एका दूरच्या गावाची गोष्ट आज सांगते.

व्हिएतनाम देशाच्या दक्षिणेला हो ची मिन्ह हे मोठं शहर आहे. याचं जुनं नाव सायगॉन. त्याच्या वायव्येला, उपनगराच्या टोकाला, कू ची नावाचा भाग आहे. भातशेती, रबराचे मळे, पूर्वेच्या अंगाला वाहणारी सायगॉन नदी. इथलं फू होआ डोंग हे गाव तांदळाच्या पातळ पापड्यांसाठी प्रसिद्ध आहे. आपल्याकडे उन्हाळ्यात पापड वाळत घालतात ना, तशा त्या तट्ट्यांवर उन्हात वाळवतात.

नावाची गंमत ऐका. ‘कू ची’ हे एका झाडाचं नाव. त्यावरूनच या भागाचं नाव पडलं, असं सांगतात. हे झाड म्हणजे आपल्या कोकणातला काजरा! गोल नारिंगी फळं, बटणासारख्या चपट्या बिया, आणि त्या बिया भयंकर विषारी. “काजऱ्याच्या फळाला हात लावू नका रे,” असं कोकणातली आजी आजही बजावते.

आता मातीकडे वळू. सायगॉनच्या दक्षिणेकडचा प्रदेश सखल आणि दलदलीचा. तिथे थोडं खणलं की पाणी लागतं. कू ची मात्र जरा उंचावर आहे. माती तांबडी, चिकण, आपल्या जांभ्याच्या जातीची. माझ्या आजोळचं घर जांभ्या दगडाचं आहे. हा चिरा खाणीत असताना त्यामानाने मऊ असतो आणि वारा-ऊन लागलं की टणक होतो. कू चीची मातीही पावसाळ्यात सहज खणता येते आणि कोरड्या दिवसांत विटेसारखी घट्ट होते. छताला लाकडाचा टेकू नसला तरी भुयार ढासळत नाही.

सायगॉनहून कंबोडियाकडे जाणारा रस्ता याच भागातून जातो. म्हणजे राजधानी जवळ, सरहद्दही जवळ. मग युद्ध इथे येणारच!

१९४८ च्या सुमारास फ्रेंच राज्याविरुद्ध लढणाऱ्या गावकऱ्यांनी इथे पहिली भुयारं खणली. पुढे अमेरिकेशी युद्ध पेटलं तेव्हा ती वाढत वाढत सुमारे २५० किलोमीटर झाली. मुंबईहून पुण्याला जाऊन पुन्हा निम्म्याहून अधिक वाट परत यावं, एवढी ही लांबी! हत्यारं कोणती? आखूड दांड्याची कुदळ आणि बांबूची टोपली. उपसलेली माती नदीत टाकायची, बाँबने पडलेल्या खड्ड्यांत भरायची किंवा नांगरलेल्या शेतात पसरायची. हवा येण्याची भोकं वारुळांत लपवलेली. चुलीचा धूर लांबच्या चरांतून फिरवून पातळ करून सोडायचा आणि स्वयंपाक पहाटे उरकायचा, म्हणजे धूर धुक्यात मिसळून जाई. खायला बहुतेक वेळा उकडलेला कसावा. हाच तो कंद, ज्याच्यापासून आपला साबुदाणा होतो.

हे सांगत होते तेव्हा माझ्या चौथीच्या वर्गातली मुलं खूश झाली. “बाई, लपाछपीला काय मजा येत असेल!” एक मुलगा म्हणाला. तेवढ्यात मागच्या बाकावरून एका मुलीने विचारलं, “बाई, पण तिथली लहान मुलं रडली तर?”

वर्ग एकदम गप्प झाला. खरंच आहे हो. ती लपाछपी नव्हतीच. आत अंधार, उकाडा, विंचू आणि साप. मलेरियाने माणसं पटापट मरत. वरून बाँबफेक. झाडं मारणारं विष विमानांतून फवारलं, आणि हिरवीगार रानं उघडी-बोडकी झाली. १९६६ आणि १९६७ च्या जानेवारीत अमेरिकी फौजांनी इथे आणि नदीपलीकडे मोठ्या मोहिमा काढल्या. भुयारांत उतरणारे अमेरिकी आणि ऑस्ट्रेलियन सैनिकही तरुण पोरंच होती. तीही कुणाची तरी मुलं.

३० एप्रिल १९७५ रोजी युद्ध संपलं. बेन झुओक इथे आता स्मारक-मंदिर आहे. त्याच्या भिंतींवर युद्धात गेलेल्यांची चाळीस हजारांहून अधिक नावं कोरलेली आहेत. जवळच पर्यटक रुंद केलेल्या भुयारांतून रांगत जातात, फोटो काढतात. पण मुलांनो, कुणी आई-बाबांबरोबर गेलंच, तर आधी त्या भिंतीपाशी उभं राहावं असं मला वाटतं.

१ जुलै २०२५ पासून व्हिएतनामने जिल्हा ही पातळीच रद्द केली. कू ची जिल्ह्याच्या जागी सात कम्यून झाले. त्यातल्या एकाचं नाव मात्र कू चीच ठेवलं आहे. कागदावरच्या सीमा अशा बदलतात. माती तीच राहते.

या सुट्टीत एक काम करा. आपल्या गावाचं नाव कशावरून पडलं आणि विहीर खणताना कसली माती लागली, हे आजी-आजोबांना विचारा. पालकांनो, तुम्हीही जवळ बसा. अशी उत्तरं पुस्तकात नसतात, आणि सांगणारी माणसं कायम असत नाहीत.