सॉसेजला फेटा

आज जरा वेगळ्याच विषयावर लिहिते आहे. व्हीआर म्हणजे डोळ्यांवर डबा बांधून, दोन्ही हातांत मुठी धरून खेळायचे खेळ. एवढं आता माझ्या वयाच्यांनाही माहीत झालंय. 'मॉड' हा शब्द मात्र मला नातवाने शिकवला. दुसऱ्याने केलेल्या खेळात हौशी लोकांनी घातलेली स्वतःची भर, म्हणजे मॉड.

त्याचा आवडता खेळ 'हॉट डॉग्ज, हॉर्सशूज अँड हँड ग्रेनेड्स'. अँटन हँड आणि त्याच्या रस्ट या छोट्या कंपनीने तो 2016च्या एप्रिलमध्ये आणला. नेम थोडा चुकला तरी चालतो तो फक्त घोड्याचे नाल फेकण्याच्या खेळात आणि हातबॉम्बमध्ये, अशा अर्थाची एक अमेरिकन म्हण आहे, तिच्यावरून हे नाव. खेळ बंदुकांचा. काडतूस भरणं, खटका ओढणं, सगळं आपल्याच हातांनी करायचं. ऐकून मी नाक मुरडलं होतं. पण गोळी झाडायला समोर माणूस येतच नाही! येतात ती हातपाय नसलेली, टोप्या घातलेली सॉसेजेस. आणि गोळी लागली की रक्ताऐवजी मोहरीची पिवळी चटणी बाहेर येते. मी शाकाहारी, तरी हसू आवरेना.

या खेळाला लोकांनी नवी मैदानं, नव्या बंदुका, नव्या वेषातली सॉसेजेस अशी पुष्कळ भर घातली आहे, तीही फुकट. आमच्या चिरंजिवांनी केलं ते फेटा बांधलेलं सॉसेज. दोन महिने रात्री जागून संगणकावर फेट्याची एकेक घडी घातली. त्याचे बाबा विचारतात, "याचे किती मिळतात?" काहीच मिळत नाही. मग घरात आवाज चढतात. मी मधे पडत नाही, चहा टाकते.

मला मात्र एकनाथ महाराज आठवले. (हसू नका, मराठी घेऊन बी.ए. केलेल्या बाईला दुसरं काय आठवणार?) ज्ञानेश्वरी 1290ची. पुढे नकला होता होता तिच्यात कुणाकुणाच्या ओव्या घुसल्या. नाथांनी 1584 साली ती शुद्ध केली आणि शेवटी बजावलं, की यात कोणी आपली ओवी घालील तर त्याने अमृताच्या ताटात नरोटी ठेवल्यासारखं होईल. नातवाला हे सांगितलं तर तो म्हणाला, "आजी, माझी फाईल वेगळी असते. वर माझं नाव असतं. काढून टाकली की मूळ खेळ होता तसा."

हे मला पटलं. क्षेपक ओवी खपते ती ज्ञानेश्वरांच्या नावावर, आणि तिचा सांधा दिसत नाही म्हणून तर नाथांना एवढे कष्ट पडले. इथे सांधा उघड आहे.

पण सांधा दिसला म्हणजे सगळं माफ, असं नाही हो. गेल्या महिन्यात त्याच्या एका मित्राने त्यांच्या कॉलेजातल्या एका सरांचा फोटो पाठवला. सॉसेजला हा चेहरा लाव, धमाल येईल म्हणाला. नातू माझ्याकडे येऊन म्हणाला, "करता येईल, पण कसंतरी वाटतंय." छत्तीस वर्षं फळ्यापुढे उभी राहिलेय मी, मुलांनी भिंतीवर काढलेली माझी चित्रंही पाहिली आहेत. चित्रावर मी हसले असते. पण ज्या खेळाची गंमतच समोर माणूस नसण्यात आहे, त्यात एका जिवंत माणसाचा चेहरा बसवायचा आणि त्यावर नेम धरायचा? मी एवढंच विचारलं, "मग ते सॉसेज राहील का रे?" त्याने नाही म्हणून कळवलं. मित्राने बोलणं टाकलंय. परवा जेवताना नातू गप्प होता.

त्यात मूळ खेळाची नवी आवृत्ती आली की जुने मॉड कधीकधी चालेनासे होतात. तसाच याचा फेटा बिघडला. कर्ता आपला खेळ सुधारणारच, त्याच्याशी भांडता येत नाही. दोन रात्री बसून याने तो परत बसवला. मला दाखवायला आला तेव्हा शेमला सॉसेजच्या तोंडापुढे लोंबत होता. तो पाठीवर सोडतात, म्हटलं. आता सोडलाय.