इस्फहान खचते आहे

फारसी बोलणारे इस्फहानला 'निस्फ-ए-जहान' म्हणतात, म्हणजे अर्धे जग. उर्दू शिकलेल्या माणसाला हे शहर न पाहताच ओळखीचे वाटते. निळ्या मशिदी, मोठे मैदान, नदीवरचे सफवी काळातले पूल. या शहराची जमीन खचते आहे हे वाचले तेव्हा घरातलेच कोणी आजारी असल्यासारखे वाटले.

नदीचे नाव झायंदेरूद, जीवन देणारी नदी. पण या शतकात वर्षातला बराच काळ ती कोरडी असते. नोव्हेंबर २०२१ मध्ये शेतकरी याच कोरड्या पात्रात, खाजू पुलाजवळ, पाण्यासाठी जमले होते. नदी आटली की माणूस जमिनीखाली हात घालतो. तिथे वाळू आणि चिकणमातीचे थर असतात. कणांमधल्या पाण्याने वरचा थोडा भार पेललेला असतो. पाणी उपसले की कण एकमेकांवर दाबले जातात आणि जमीन खाली बसते. ती सगळीकडे सारखी बसत नाही, म्हणून भिंतींना, रस्त्यांना भेगा पडतात. चिकणमाती एकदा चेपली की पुढे कितीही पाऊस पडो, पूर्वीइतके पाणी तिच्यात मावत नाही. तेहरानच्या पश्चिमेचे मैदान काही ठिकाणी वर्षाला २५ सेंटिमीटरपर्यंत खचत असल्याचे उपग्रहांच्या मोजणीत दिसले आहे. आमच्या मुलांच्या फूटपट्टीपेक्षा थोडेच कमी! इस्फहानमध्ये तर काही शाळा रिकाम्या कराव्या लागल्या. मास्तर असल्यामुळे मी या बातमीवर जरा जास्तच थांबलो.

दुःख याचे की जगाला जमिनीखालचे पाणी अदबीने घ्यायला याच देशाने शिकवले. मांडवाची कनात आपल्याला माहीत आहे. त्याच नावाची ही दुसरी कनात. डोंगराच्या पायथ्याशी खोल विहीर, तिथून हलक्या उताराचा लांब बोगदा, आणि पाणी आपल्या पायांनी गावात येते. पातळी उतरली की धार आपोआप बारीक होते. ती ओरबाडता येत नाही. २०१६ साली युनेस्कोने इराणच्या ११ कनाती जागतिक वारशात घेतल्या. तोवर पंपांच्या खोल विहिरींनी कितीतरी कनाती कोरड्या पाडल्या होत्या. पंपाला धार बारीक झालेली कळत नाही, तो आणखी खाली जातो.

आपल्याकडे १६१० साली खडकी वसवणाऱ्या मलिक अंबरने जवळपास याच रीतीने नहर खोदून शहराला पाणी दिले. तेच पुढे औरंगाबाद, आजचे छत्रपती संभाजीनगर. इथली जमीन मात्र काळ्या पत्थराची. ती इराणसारखी खचणार नाही, असे स्टाफरूममध्ये एकाने मोठ्या समाधानाने सांगितले. खरे आहे. पण पत्थर खचत नाही म्हणून आपल्याला काही दिसतही नाही. बोअर तीनशे फुटांवरून पाचशेवर जाते आणि अंगणातल्या फरशीला साधी चीरही पडत नाही.

रात्री इशानंतर अम्मी सूरह मुल्क पढते. तिची अखेरची आयत जमिनीत खोल उतरलेल्या पाण्याविषयी आहे. हल्ली ती कानावर पडली की मला इस्फहान आठवते.

आठवीच्या वर्गात नकाशावर हे शहर दाखवले. मुली शाळा बंद झाल्याचे ऐकून आधी खूश झाल्या, मग गप्प. एकीने विचारले, "सर, हमारे बोअर में पानी कां से आता?"

मी खडू घेतला आणि फळ्यावर आधी पावसाचा ढग काढला.