चार जुन्या, एक नवी

२८ नोव्हेंबर २०२४, गुरुवार
हिच्या उजव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. आत वीस मिनिटं, बाहेर बाकावर मी दोन तास. डोळ्यावर प्लास्टिकची वाटी, वर चिकटपट्टी. रिक्षात म्हणाली, दूध गॅसवर राहिलंय. नव्हतं राहिलं.

२९ नोव्हेंबर
पट्टी काढली. थेंबांच्या तीन बाटल्या, तिन्हींच्या वेळा वेगळ्या. वाकायचं नाही. डोक्यावरून पाणी नाही. गॅसपुढे नाही. पंधरा दिवस शिवण नाही. शेवटचं ऐकून तिने डॉक्टरांकडे नुसतं बघितलं. एका डोळ्याने. पुरे झालं.

३० नोव्हेंबर
चिऊच्या शाळेचा मेसेज. २१ तारखेला गॅदरिंग. पहिलीच्या मुली बर्फ होणार. सगळ्यांना पांढरा टूटू पाहिजे. सूनबाईने मोठ्याने वाचलं, माझ्यासाठी. ही आतून म्हणाली, टूटू काय, फटफटी आहे का?

भाड्याने साडेचारशे. अनामत पाचशे वेगळी.

फोटो बघितला. कमरेला इलॅस्टिक, त्याला जाळीच्या पट्ट्या गाठी मारून बांधलेल्या. शिलाई जवळजवळ नाहीच. म्हणालो, हे घरी होईल. कोण करणार, असं कुणी विचारलं नाही. सगळ्यांनी आजीच्या डोळ्याकडे बघितलं, मग माझ्याकडे.

१ डिसेंबर, रविवार
माप. कंबर २१ इंच. तीनदा मोजली. दर वेळी श्वास घेऊन पोट फुगवते. तिची अट एकच: "आबा, गोल फिरले की तो वर गेला पाहिजे."

लांबी ११ इंच ठरली. हे हिने ठरवलं, पलंगावरून.

२ डिसेंबर
हिशेब. लांबी ११, म्हणजे पट्टी २४ इंचांची. दुमडली की १२, एक इंच गाठीत जाणार. रुंदी ५ इंच. नेटला साठ इंच पन्हा असेल तर एका घडीत बारा पट्ट्या. साठ पट्ट्यांना पाच घड्या, १२० इंच. सव्वातीन मीटर घ्यावं.

ही म्हणाली, साठ कशावरून? म्हटलं, अंदाज. म्हणाली, तुमचा अंदाज.

३ डिसेंबर, मंगळवार
हिंदमाताला जाऊन आलो. आजच उरकलं. पाच-सहाला चैत्यभूमीला माणसं येतात, दादरला पाय ठेवायला जागा नसते.

दुकानदार म्हणाला, कॅनकॅन देऊ की सॉफ्ट? कॅनकॅन हाताला खरखरतं, मच्छरदाणीसारखं. चिऊच्या पायांना टोचेल. सॉफ्ट घेतलं. साठ रुपये मीटर, सव्वातीनचे १९५. इलॅस्टिक वीस रुपये. सव्वातीन मीटर कापड हातात घेतलं आणि वजनच लागेना. कापड हाताला लागलं पाहिजे. हे म्हणजे पिशवीत हवा घेऊन चाललोय.

परतताना परळला उतरलो. काम काही नव्हतं. मिलची चिमणी उभी आहे, टॉवरवाल्यांनी शोभेला ठेवली आहे. फाटक होतं तिथे गाड्या आत घ्यायचा उतार. ८२ च्या १८ जानेवारीला साचा बंद करून बाहेर आलो तो इथूनच. वय चोवीस. दोन वर्षं बदली, मग कायम, मग हे. संप मागे घेतल्याचं अजून कुणी सांगितलेलं नाही.

ट्रेनमध्ये उभा.

४ डिसेंबर
कापायला बसलो. हिची मोठी कात्री. नेट सरकतं, पायाला चिकटतं, पंख्याने उडतं. पंखा बंद केला. घाम. शेवटी सोनपापडीचं खोकं उघडून पुठ्ठा केला, त्यावर घडी ठेवून चार चिमटे लावले. मग कात्री सरळ गेली.

इस्त्री करू का, विचारलं. ही ओरडली, आधी कातरणीवर बघा. आठ इंच उरलं होतं, त्याच्या कोपऱ्यावर टेकवली. कोपरा नाहीसा झाला. इस्त्रीला काळा डाग, घरभर वास. सूनबाईने खिडक्या उघडल्या, बोलली काही नाही.

५ डिसेंबर
झोप नाही. पहाटे एक पट्टी घेऊन भिंगाखाली धरली. मिलमधलं तेवढं एक भिंग राहिलंय, धागे मोजायचं.

ताणा नाही, बाणा नाही. उभं काय, आडवं काय, कळत नाही. सहा कोनांची भोकं. एक धागा सुईने ओढला. आमच्या कापडात असा ओढला की सरळ बाहेर येतो, शेवटपर्यंत. इथे येईना. फासे आहेत, एकात एक. म्हणून तर कुठेही कापा, सुटत नाही, काठ मारावा लागत नाही. जे सुटत नाही ते विणलेलं कसं म्हणायचं?

मुलाने मोबाइलवर काढून दिलं. फ्रान्समध्ये त्यूल नावाचं गाव, त्यावरून कापडाचं नाव. पूर्वी ही जाळी बायका हाताने करायच्या. मग इंग्लंडात जॉन हीथकोट म्हणून एक, त्याने १८०८-०९ मध्ये यंत्र काढलं. त्यात बॉबिनचा धागा उभ्या धाग्यांना वेढे घालत तिरका जायचा, त्यातून सहा कोनांचं भोक. माझ्या भिंगाखाली आहे ते तसं नाही, हे मोज्यासारखं फाशांचं. पण भोक त्याच्याच घाटाचं.

पुढचं दोनदा वाचलं. १८१६ च्या जूनमध्ये एका रात्री लफबरोच्या त्याच्या कारखान्यात माणसं शिरली आणि ५५ यंत्रं फोडली. त्या दंग्यापायी पुढे माणसं फासावर गेली. मालकाने गाव सोडलं, लांब टिव्हर्टनला नवा कारखाना घातला. बरेच कारागीर त्याच्यामागे चालत गेले.

आम्ही एकही साचा फोडला नाही. नंतर ते भंगारात गेले, किलोवर. आणि आमचे मालक गाव सोडून कुठे गेले नाहीत. जागा तिथेच होती ना.

६ डिसेंबर
थेंब: आठ, बारा, चार, आठ. मधल्या बाटलीची वेळ चुकली. माझ्यामुळे.

७ डिसेंबर
इलॅस्टिकची टोकं इंचभर एकावर एक घेऊन हाताने टाके घातले. गोल भरला २० इंच. खुर्चीच्या पाठीला चढवलं.

गाठ: पट्टी दुमडायची, फासा इलॅस्टिकमागून घ्यायचा, दोन्ही शेपट्या फाशातून ओढायच्या. किल्लीला दोरा ओवतात तशी. सोपी. पण माझी बोटं तिसऱ्याच गाठीकडे जातात. तुटलेला धागा सांधायची गाठ, साचा थांबलेला, जॉबर मागे उभा. डोळे मिटून यायची. अजून येते. इथे तिचा उपयोग नाही.

आज अकरा.

८ डिसेंबर, रविवार
चौतीस. चिऊने दोन बांधल्या. त्या सैल आहेत, तशाच ठेवल्या.

ही दाराशी उभी राहून काहीतरी बोलली. ऐकू आलं नाही, ओठही लागले नाहीत. साचाखात्यात आवाजच एवढा की आम्ही सगळे ओठांवरच बोलायचो. पलीकडच्या ओळीतला माणूस चहाला येतोस का विचारायचा, इकडून मान हलवायची. कान त्या साच्यांनी नेले, ओठ वाचायचं देऊन गेले. म्हटलं, उजेडाकडे तोंड करून बोल. म्हणाली, घट्ट ओढा, जवळजवळ सरकवा, एवढंच म्हणतेय.

९ डिसेंबर
साठ संपल्या. जवळ सरकवल्यावर साडेतीन इंच मोकळं.

"तुमचा अंदाज."

१० डिसेंबर
हिंदमाताला परत जायचा कंटाळा. इथेच स्टेशनजवळ घेतलं. पांढरं सॉफ्ट नेट, सव्वा मीटर, नव्वद रुपये झाले. दुकानात जुनी पट्टी शेजारी धरून बघितली. सेम टू सेम.

११ डिसेंबर
चोवीस पट्ट्या निघाल्या, पंधरा लागल्या. नऊ उरल्या. संध्याकाळी ७ वाजता टूटू पुरा. एकूण पंच्याहत्तर गाठी. चिऊ झोपलेली. स्टुलावर ठेवला तर उभा राहिला, आपला आपण. दोनदा उठून बघून आलो.

१२ डिसेंबर, गुरुवार
सकाळी ही म्हणाली, दोन पांढरे का घेतलेत?

म्हटलं, एकच आहे.

म्हणाली, मागचा तुकडा निळसर आहे, बाकीचा दुधी. ठिगळ लावल्यासारखा दिसतोय.

मी खिडकीत नेला. गॅलरीत नेला. एकच. मुलाला विचारलं. तो थोडा थांबला, म्हणाला, आबा, आहे थोडा फरक. सूनबाई म्हणाली, स्टेजवर काही कळणार नाही. म्हणजे तिलाही दिसत होता.

मग हिने हाताने डावा डोळा झाकला, बघितलं. उजवा झाकला, बघितलं. म्हणाली, गंमतच आहे. नव्या डोळ्याने दोन दिसतात, जुन्याने एकच.

मीही करून बघितलं. डावा झाकून. उजवा झाकून. कुणी बघत नव्हतं तेव्हा.

माझे दोन्ही एकच सांगतात.

१३ डिसेंबर
कापडाचा लॉट बदलला की पांढऱ्यातही फरक पडतो, हे मी लोकांना सांगायचो. दोन साच्यांच्या मधे उभा राहून पलीकडच्या टोकाचा तुटलेला एक धागा मला दिसायचा. असो.

पंच्याहत्तर गाठी सोडल्या. बांधायला चार दिवस लागले होते, सोडायला दोन तास. चिऊच्या दोन सर्वांत आधी सुटल्या.

रात्री उपाय सुचला. चार जुन्या, एक नवी. साठ आणि पंधरा, हिशेब बरोबर बसतो. नवा पांढरा एका जागी राहिला तर ठिगळ. सारखा फिरत राहिला तर तोच नमुना. पट्ट्याच्या कापडात आम्ही हेच करायचो, ताण्यात.

हिला सांगितलं. म्हणाली, चालेल. मग इलॅस्टिक हातात घेऊन म्हणाली, हा सांधाही वाकडा आहे. पंधरा दिवस आज भरले, असं स्वतःच जाहीर करून मशीनवर बसली. दोन शिवणी मारल्या. एक मिनिट लागलं नाही.

१४ डिसेंबर
पट्ट्या मिसळल्या गेल्यात. कुठली जुनी, कुठली नवी, मला कळत नाही. ही शेजारी बसून एकेक हातात देते. जुनी, जुनी, जुनी, जुनी, नवी. मी बांधतो. बोलणं एवढंच. चाळीस झाल्या.

१५ डिसेंबर, रविवार
झाला.

चिऊने घातला. फिरली. वर गेला. पुन्हा फिरली. पुन्हा. मग चक्कर येऊन खाली बसली, आणि तो तिच्याभोवती पसरला. ही लांबून, डावा डोळा झाकून बघत होती. नंतर उजवा झाकून. काही बोलली नाही, म्हणजे बरोबर.

१६ डिसेंबर
सूनबाईने कुठेतरी वाचलेलं सांगितलं, नको ते. पॅरिसच्या ऑपेरातली नाचणारी मुलगी, एमा लिव्री. १८६२ मध्ये तालमीला गॅसच्या दिव्याने तिचा घागरा पेटला. आठेक महिने तळमळून गेली. आग लागू नये म्हणून कापडाला औषध लावायची सोय तेव्हाही होती. तिने लावू दिलं नव्हतं. त्याने घागरा कडक आणि मळकट दिसायचा.

मळकट पांढरा तिला दिसत होता.

आमचं नेट इस्त्रीला चिकटलं ते आठवलं. हे जळलं तर वितळून अंगाला बसेल. गॅदरिंगला समई असते. मुलाला म्हटलं, शाळेत फोन कर, मुलींना समईपासून लांब उभं करा म्हणावं. तो म्हणाला, आबा, आता इलेक्ट्रिकची समई असते. म्हटलं, तरी कर.

१७ डिसेंबर
फोन केला त्याने. इलेक्ट्रिकचीच आहे.

१९ डिसेंबर
टूटू कुठे ठेवायचा? घडी घालता येत नाही. हँगरला लटकवला तर एका बाजूला झुकतो. शेवटी पंख्याच्या हुकाला दोरीने उलटा टांगला. घरात आलेला प्रत्येकजण विचारतो, हे काय? चिऊ सांगते, बर्फ.

२१ डिसेंबर, शनिवार
गॅदरिंग. चौदावी रांग. आधी भाषणं, मग कोळीगीत, मग आणखी भाषण. बर्फाला यायला साडेआठ वाजले.

वीसेक मुली. दिवे निळे केले. सगळे टूटू निळे. भाड्याचे, विकतचे, आमचा, सगळे एकसारखे निळे. दुधी नाही, पांढरा नाही. हिने माझ्याकडे बघितलं, मी तिच्याकडे. तिला हसू आवरेना.

आमची कुठली ते मला कळलं नाही. हिने बोट दाखवलं, डावीकडून तिसरी. चिऊचे ओठ हलत असल्यासारखे वाटले. वाचता आले नाहीत. मी विचारलं, गाणं म्हणतेय का?

"नाही हो, आकडे मोजतेय. पाच, सहा, सात, आठ."

आठला सगळ्या फिरल्या. वर गेले.

२२ डिसेंबर
चिऊ टूटू घालून भाजी आणायला गेली, हिच्याबरोबर. स्वेटरवरून. भाजीवाल्याने कोथिंबीर फुकट दिली.

२४ डिसेंबर
दोन गाठी सैल झाल्या. कुठल्या ते मला माहीत आहे. घट्ट केल्या नाहीत.

२६ डिसेंबर, गुरुवार
हिला दाखवायला गेलो होतो. हिचं झाल्यावर म्हणाली, यांचेही बघा. डॉक्टर म्हणाले, दोन्हीत आहे, उजवा जास्त पिकलाय. आधी का नाही आलात? म्हटलं, दिसत होतं.

तारीख दिली १८ जानेवारी. म्हटलं, ती नको. कॅलेंडर चाळून २० दिली.

रात्री बघतो तर कपाटाच्या मुठीला दोन पट्ट्या बांधलेल्या. एक उरलेल्या नवातली, एक जुन्या नेटची जळकी कातरण. शेजारी शेजारी. विचारलं, हे काय?

म्हणाली, राहू द्या. वीस तारखेनंतर सांगा मला, कुठली कुठली ते.