हजारे आणि न झालेले सामने

खेळाडूची थोरवी ज्या आकड्यांनी मोजली जाते ते झालेल्या सामन्यांचे असतात. काळाने जे सामने होऊच दिले नाहीत, त्यांची नोंद कोणत्याही तक्त्यात सापडत नाही. ११ मार्च १९१५ रोजी सांगलीत जन्मलेल्या विजय हजारे यांची कारकीर्द ही उणीव स्पष्ट करते. १९३९-४० मध्ये ठरलेला इंग्लंडच्या संघाचा भारत दौरा महायुद्धामुळे रद्द झाला, १९३६ नंतर थेट १९४६ पर्यंत भारत एकही कसोटी खेळला नाही आणि हजारे यांनी लॉर्ड्सवर कसोटी पदार्पण केले तेव्हा त्यांनी वयाची एकतिशी ओलांडली होती.

देशातले क्रिकेट मात्र युद्धकाळातही चालू राहिले. पंचरंगी स्पर्धा, म्हणजे हिंदू, मुस्लिम, पारशी, युरोपीय आणि उरलेल्या सर्वांचा ‘रेस्ट’ अशा धर्मवार संघांचे सामने, गांधीजींच्या विरोधानंतरही भरत होती. ख्रिस्ती असल्यामुळे ‘रेस्ट’कडून खेळणाऱ्या हजारे यांनी १९४३-४४ च्या अंतिम सामन्यात फॉलोऑननंतर, म्हणजे लागोपाठ दुसऱ्यांदा फलंदाजी करावी लागल्यावर, संघाच्या ३८७ पैकी ३०९ धावा एकट्याने काढल्या. अशा धावा घरच्या सोप्या खेळपट्ट्यांवरच्या, ही शंका जानेवारी १९४८ मध्ये ॲडलेडला फिटली. तिथे पराभूत संघाकडून त्यांनी एकाच कसोटीत ११६ आणि १४५ अशी दोन शतके केली. त्या ऑस्ट्रेलियन संघातील कीथ मिलर हे युद्धातले वैमानिक होते. त्यांचाही कसोटी प्रवेश युद्ध संपेपर्यंत लांबला होता.

काळाचा हा पक्षपात युद्धापुरता मर्यादित नाही. खो-खोसाठी ओळखल्या जाणाऱ्या धाराशिवच्या सारिका काळे यांच्या नेतृत्वाखाली भारताने २०१६ च्या दक्षिण आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक जिंकले. पण त्या स्पर्धेत खो-खोचा समावेशच तेव्हा प्रथम झाला असल्याने, आधीच्या पिढ्यांतील तितक्याच चपळ खेळाडूंना असे पदक मिळवण्याची वाटच नव्हती. हजारे यांच्या ३० कसोटींतील २,१९२ धावा म्हणूनच त्यांच्या कर्तृत्वाची केवळ खालची मर्यादा सांगतात, आणि वरची मर्यादा ठरवण्याचा अधिकार विक्रमांच्या पुस्तकाला देता येत नाही.