एका शब्दाची किंमत

1963 साली आम्ही मुंबईहून दिमोनाला आलो, तेव्हा मी अकरा वर्षांचा होतो. तीनच वर्षांनी आठवीची 'सेकेर' परीक्षा पुढ्यात उभी राहिली. देशभर एकच प्रश्नपत्रिका. त्या काळी मोफत शिक्षण आठवीपर्यंतच असे. पुढे फी पडे आणि फीची सवलत या परीक्षेच्या गुणांवर ठरे. बाबांच्या मजुरीत पूर्ण फी बसणे अशक्य होते.

गणिताची मला भीती नव्हती. आजोबांनी मुंबईत व्याजाची उदाहरणे तोंडी करून घेतली होती. परंतु प्रश्नपत्रिकेत 'रिबीत' हा शब्द आला आणि मी अडलो. रिबीत म्हणजे व्याज, हे घरी आल्यावर समजले!

तरीही मी उत्तीर्ण झालो. शिक्षकांनी बाबांना हळूच सांगितले, "नोर्मा बेटने." आशिया-आफ्रिकेतून आलेल्या कुटुंबांतील मुलांसाठी उत्तीर्ण होण्याची रेषा थोडी खाली ठेवलेली असे, तिचे हे नाव. हेतू चांगला होता आणि त्यामुळेच मी शिकलो, हे मी विसरत नाही. आईने एलियाहू हन्नावीच्या नावाने मलिदा केला. माझ्या मनात मात्र 'खालच्या रेषेचा' हा शब्द वर्षानुवर्षे सलत राहिला. माझा मामेभाऊ तर त्या रेषेलाही थोडक्यात हुकला आणि धंदेशिक्षणाकडे गेला. तो उत्तम वायरमन झाला. पण माझ्याहून हुशार तोच होता.

पुढे सेकेर बंद झाली. 1978 साली माध्यमिक शिक्षणही मोफत झाले. मग 2002 साली 'मेइत्साव' चाचण्या आल्या. त्या मुलाला नव्हे, शाळेला तोलण्यासाठी होत्या. पण 2011 साली माझा नातू पाचवीत होता, तेव्हा कित्येक आठवडे जुन्या प्रश्नपत्रिकांचाच सराव चालला. चित्रकलेचा तास गेला, इतिहासाचा गेला. तोलायची होती शाळा, ओझे आले पोरावर.

परीक्षा नकोच, असे मी म्हणत नाही. मोजमाप नसते तर दिमोनाची मुले किती मागे आहेत, हे सरकारला कोण सांगणार? पण काट्यावर मुलाची समज चढली की नुसती त्याची हिब्रू, हे आधी पाहावे. म्हणून वाचकहो, नातवंडे परीक्षेहून घरी आली की "किती गुण पडतील?" असे विचारण्याआधी एवढेच विचारा, "बाळ, कोणता शब्द अडला?"

मला त्या दिवशी हे कोणी विचारले नाही.